दंडाच्या हाडाची झीज आणि सात खुणांचा कोड: मेडिकल कोडिंग नेमकं कसं चालतं?

डॉक्टर केसपेपरवर लिहितात, "उजव्या दंडात बोन लॉस." दुसऱ्या डॉक्टरला एवढं वाक्य पुरतं, बाकीचं तो एक्स-रे बघून समजून घेतो. विमा कंपनीच्या कॉम्प्युटरला मात्र ते पुरत नाही. त्याला हवा असतो एक कोड. तो चुकला तर क्लेम अडकतो आणि बिल पेशंटच्या घरी येतं. त्याहून वाईट म्हणजे पेशंटच्या रेकॉर्डमध्ये भलताच आजार नोंदला जातो आणि पुढची कित्येक वर्षं तसाच राहतो.

पुणे, मुंबई, नवी मुंबईतली अनेक मुलं-मुली आज हेच काम करतात. पेशंट अमेरिकेत, हॉस्पिटल अमेरिकेत आणि त्याच्या आजाराला कोड देणारा माणूस इथे. हे काम बाहेरून डेटा एन्ट्रीसारखं वाटतं, पण त्याच्या आत बरंच काही दडलेलं आहे. ते समजून घ्यायला आपण एकच उदाहरण धरू: दंडाच्या हाडाची झीज.

एक गोष्ट आधीच सांगतो. या लेखात कोड देवनागरीत लिहिले आहेत. प्रत्यक्षात ते रोमन अक्षरं आणि इंग्रजी अंकांत असतात. इथे "एम८९.७२१" दिसलं, तर "एम" म्हणजे त्या उच्चाराचं इंग्रजी अक्षर समजा.

आयसीडी म्हणजे काय?

आयसीडी ही जगभरातल्या आजारांची यादी. तिची सुरुवात झाली मृत्यूच्या कारणांपासून. फ्रान्सच्या जाक बर्तियाँ यांनी १८९३ मध्ये मृत्यूच्या कारणांचं एक वर्गीकरण मांडलं. वेगवेगळ्या देशांतले आकडे एकमेकांशी ताडून बघता यावेत हा त्यामागचा हेतू. १९४८ मध्ये सहाव्या आवृत्तीपासून हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आलं आणि मृत्यूबरोबर आजारांचीही नोंद त्यात होऊ लागली.

दहावी आवृत्ती म्हणजे आयसीडी-१०. अमेरिकेने तिच्यात स्वतःची भर घालून "आयसीडी-१०-सीएम" तयार केली आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून ती तिथे सक्तीची झाली. आधीच्या अमेरिकन यादीत सुमारे १४ हजार कोड होते, नव्या यादीत ७० हजारांहून जास्त आहेत.

एवढे का वाढले? आजार वाढले म्हणून नाही, तपशील वाढला म्हणून. जुन्या यादीत "हाडातली मोठी पोकळी" यासाठी ७३१.३ हा एकच कोड होता. हाड दंडाचं की मांडीचं, डावं की उजवं, काहीच कळत नव्हतं. आता त्याच गोष्टीसाठी प्रत्येक भागाचा आणि प्रत्येक बाजूचा वेगळा कोड आहे.

"हाड झिजलं" म्हणजे नक्की काय झालं?

खरी गंमत इथे सुरू होते. मराठीत आपण "हाड झिजलं" म्हणतो, डॉक्टर घाईत "बोन लॉस" लिहितात. पण कोडच्या यादीत "बोन लॉस" एवढाच शब्द घेऊन गेलात तर काम होत नाही. त्याचे किमान तीन वेगळे अर्थ निघतात.

१. हाडं ठिसूळ होणं, म्हणजे ऑस्टिओपोरोसिस. हा बहुतेक वेळा सगळ्या सांगाड्याचा आजार. हाडाचा आकार तोच राहतो, पण आतली जाळी विरळ होते. वयामुळे आलेला असेल आणि सध्या फ्रॅक्चर नसेल तर कोड एम८१.०. यात दंड, मांडी, डावं, उजवं काहीच येत नाही, कारण आजारच सगळीकडचा आहे.

२. हाड विरघळणं, म्हणजे ऑस्टिओलिसिस. इथे एका ठराविक जागेचं हाड शरीरच विरघळवून टाकतं. उजव्या दंडात असेल तर एम८९.५२१, डाव्या दंडात असेल तर एम८९.५२२.

३. हाडाचा मोठा भागच नसणं. इन्फेक्शन, गाठ किंवा इतर कारणाने हाडात मोठं खिंडार पडलेलं असतं. उजव्या दंडासाठी एम८९.७२१, डाव्यासाठी एम८९.७२२.

पहिल्या पेशंटला गोळ्या, इंजेक्शन, कॅल्शियम लागेल. तिसऱ्याला कदाचित हाडाचं रोपण किंवा धातूचा भाग बसवावा लागेल. दोघांच्या केसपेपरवर मात्र "बोन लॉस" हेच दोन शब्द असू शकतात. म्हणून चांगला कोडर अंदाजाने कोड टाकत नाही, तो डॉक्टरांना विचारतो. या धंद्यात त्याला "क्वेरी टाकणं" म्हणतात. प्रश्नसुद्धा असा विचारायचा असतो की त्यात उत्तर सुचवलेलं नसावं. "हे ऑस्टिओलिसिसच ना?" असं विचारायचं नाही. "बोन लॉसचं स्वरूप आणि कारण स्पष्ट कराल का?" असं विचारायचं.

कोड फोडून बघू: एम८९.७२१

कोड म्हणजे पिनकोडसारखा प्रकार. पिनकोडचा पहिला अंक विभाग सांगतो आणि पुढचे अंक पोस्ट ऑफिसपर्यंत नेतात. इथेही डावीकडून उजवीकडे जाताना चित्र स्पष्ट होत जातं.

- एम: हाडं, सांधे, स्नायू यांच्या आजारांचं प्रकरण.
- एम८९: हाडांचे इतर आजार.
- एम८९.७: हाडातली मोठी पोकळी किंवा तूट.
- एम८९.७२: जागा. इथला "२" म्हणजे दंडाचं हाड, ह्युमरस.
- एम८९.७२१: बाजू. "१" उजवी, "२" डावी, "९" म्हणजे बाजू लिहिलेलीच नाही.

जागेचा अंक लक्षात ठेवण्यासारखा आहे. या गटात १ म्हणजे खांद्याचा भाग, २ दंड, ३ कोपराखालचा हात, ४ पंजा, ५ कंबर-मांडी, ६ पाय गुडघ्याखाली, ७ घोटा आणि पाऊल. प्रकरणातल्या बऱ्याच गटांत हीच रचना पुन्हा पुन्हा येते. त्यामुळे सराव झालेला कोडर पुस्तक न उघडता सांगतो की पाचव्या जागी "२" आहे म्हणजे दंड.

पण इथेच एक सापळा आहे. दंडाच्या हाडाचं वरचं टोक खांद्याच्या सांध्यात बसतं. तिथली झीज डॉक्टर सहज "खांद्यातली झीज" म्हणून लिहितात. कोडर "१" टाकून मोकळा होतो. पण एम८९.७ च्या गटात "१" म्हणजे गळ्याचं हाड आणि खांद्याचं फावडं, ह्युमरस नव्हे. अमेरिकन नियमावलीत हाडाच्या टोकाला होणाऱ्या अशा आजारांबाबत स्पष्ट लिहिलं आहे: हाडाचा बिघडलेला भाग सांध्यापाशी असला, तरी जागा म्हणून हाडच धरायचं, सांधा नाही.

सातवी खूण कशासाठी?

वरचा कोड सहा खुणांचा आहे. काही कोडना सातवी खूण लागते आणि ती आजाराबद्दल नाही, तर उपचाराच्या टप्प्याबद्दल सांगते.

समजा, ७० वर्षांच्या एक बाई आहेत. हाडं ठिसूळ असल्याचं आधीपासून माहीत आहे. घरात साध्या धक्क्याने पडल्या आणि उजव्या दंडाचं हाड मोडलं. निरोगी हाड एवढ्याने मोडलं नसतं. मग हा अपघाताचा कोड नाही, ठिसूळ हाडाच्या फ्रॅक्चरचा कोड लागतो: एम८०.०२१ आणि पुढे सातवी खूण.

- ए: फ्रॅक्चरवर प्रत्यक्ष उपचार चालू आहेत.
- डी: नंतरची तपासणी, हाड नीट जुळतंय.
- जी: जुळायला उशीर होतोय.
- के: हाड जुळलंच नाही.
- पी: जुळलं, पण वाकडं.
- एस: जुन्या फ्रॅक्चरमुळे मागे राहिलेला त्रास.

"ए" म्हणजे पहिली भेट असं अनेकांना वाटतं. तसं नाही. प्रत्यक्ष उपचार चालू असेपर्यंत "ए"च. दुसरा डॉक्टर असो की तिसरी भेट, त्याने फरक पडत नाही.

पुढे या बाईंचं हाड पूर्ण जुळलं, तर एम८० सोडून द्यायचा. मग ठिसूळ हाडांसाठी एम८१.० आणि "पूर्वी असं फ्रॅक्चर होऊन गेलं आहे" हे सांगायला झेड८७.३१०. हा शेवटचा कोड बिनकामाचा वाटेल. पण एकदा असं हाड मोडलेल्या माणसाला पुन्हा मोडण्याचा धोका जास्त असतो. तीन वर्षांनी नवीन डॉक्टर रेकॉर्ड उघडेल तेव्हा त्याला ते दिसायला हवं.

आधी कारण, मग पोकळी

हाडात खिंडार आपोआप पडत नाही. त्यामागे काहीतरी असतं. म्हणून यादीतच सूचना आहे की मूळ आजार माहीत असेल तर त्याचा कोड आधी लिहा, एम८९.७ चा नंतर.

- जुनं हाडाचं इन्फेक्शन असेल तर उजव्या दंडासाठी आधी एम८६.६२१, मग एम८९.७२१.
- हाडाचा स्वतःचा कॅन्सर असेल तर आधी सी४०.०१, मग एम८९.७२१.
- हाड विरघळल्याने पोकळी पडली असेल तर आधी एम८९.५२१, मग एम८९.७२१.

कॅन्सर दुसरीकडून पसरून हाडात आला असेल तर त्याचा कोड सी७९.५१. गंमत म्हणजे यात जागाही नाही, बाजूही नाही. मणका असो की दंड, कोड एकच. म्हणजे ७० हजार कोडची यादीही सगळीकडे सारखी बारीक नाही.

खांद्याचा कृत्रिम सांधा बसवलेला असेल आणि त्याच्या भोवतीचं हाड विरघळत असेल तर प्रकरणच बदलतं. मग एम नाही, टी८४.०५८ लागतो, सातव्या खुणेसह. मांडीच्या खुब्याला आणि गुडघ्याला या गटात डावे-उजवे स्वतंत्र कोड आहेत. खांदा मात्र "इतर सांधे" मध्ये ढकललेला आहे. त्यामुळे कोणता सांधा हे सांगायला जोडीला झेड९६.६११ म्हणजे उजव्या खांद्यात कृत्रिम सांधा, किंवा झेड९६.६१२ म्हणजे डाव्या खांद्यात, असा कोड द्यावा लागतो. ही जोडी विसरली, तर रेकॉर्डवरून खांद्याचा पत्ताच लागत नाही.

सॉफ्टवेअर काय पकडतं आणि काय सुटतं?

कोड टाकल्यावर क्लेम थेट विमा कंपनीकडे जात नाही. मध्ये एक चाळणी असते, तिला "क्लेम स्क्रबर" म्हणतात. ती साधारण पुढच्या गोष्टी बघते.

१. रचना: पहिली खूण अक्षर, दुसरी अंक, एकूण लांबी तीन ते सात.

२. कोड पूर्ण आहे का: एम८९.७२ हे यादीत आहे, पण ते फक्त शीर्षक आहे. अमेरिकन सरकारच्या फाइलमध्ये प्रत्येक ओळीसमोर ० किंवा १ असतं. ० म्हणजे शीर्षक, १ म्हणजे क्लेममध्ये चालणारा कोड. एम८९.७२ समोर ०, एम८९.७२१ समोर १.

३. तारीख: यादी दरवर्षी १ ऑक्टोबरला बदलते. उपचार ज्या तारखेला झाला त्या तारखेची यादी लागू होते, क्लेम भरला त्या तारखेची नाही.

४. जोडी जमते का: निदान आणि केलेली प्रक्रिया यांचा मेळ बसतो का. निदान दंडाचं आणि ऑपरेशन गुडघ्याचं, असं असेल तर क्लेम परत.

प्रोग्रामिंग करणाऱ्यांसाठी एक बारीक गोष्ट: इलेक्ट्रॉनिक क्लेममध्ये कोडमधला टिंब पाठवत नाहीत. टिंब फक्त माणसाला वाचायला सोपं जावं म्हणून. डेटाबेसमध्ये एकीकडे टिंबासह आणि दुसरीकडे टिंबाशिवाय साठवलं, की दोन्ही याद्या एकमेकींशी जुळत नाहीत. आणि कोड कधीही संख्या म्हणून साठवायचा नाही, मजकूर म्हणूनच साठवायचा.

आता महत्त्वाचं. ही चाळणी चुकीचा लिहिलेला कोड पकडते. चुकीचा निवडलेला कोड पकडत नाही. उजव्याऐवजी डावा दंड टाकला तर एम८९.७२२ हा शंभर टक्के वैध कोड आहे. रचना बरोबर, लांबी बरोबर, तारीख बरोबर. सोबत प्रक्रियेचीही बाजू चुकीची टाकली असेल, तर क्लेम बिनबोभाट पास होतो. बाकी राहते ती चुकीची नोंद.

डॉक्टरांच्या नोट्स वाचून कोड सुचवणारी सॉफ्टवेअर्सही आता वापरात आहेत. त्यांनी काम हलकं केलं, पण दोन ठिकाणी डोळे उघडे ठेवावे लागतात. एक, "ऑस्टिओलिसिस आढळला नाही" या वाक्यातला "नाही". दोन, "शक्यता वाटते" असे शब्द. अमेरिकन नियमानुसार ओपीडीच्या पेशंटला "संशयित" आजाराचा कोड देता येत नाही. तिथे दुखणं, सूज अशी लक्षणंच कोड करायची. भरती पेशंटच्या डिस्चार्जच्या वेळी तोच "संशयित" शब्द असेल, तर आजार आहे असं धरून कोड देता येतो. वाक्य एकच, नियम दोन. मशीनला हा संदर्भ कुणीतरी द्यावा लागतो.

आपल्याकडे काय चित्र आहे?

भारतात जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-१० वापरली जाते. तिच्यातही ऑस्टिओलिसिस एम८९.५ आहे आणि जागेसाठी "२" म्हणजे दंडच. पण डावं-उजवं सांगणारी अमेरिकन खूण तिच्यात नाही. त्यामुळे अमेरिकन चार्ट करणारा कोडर आणि इथल्या हॉस्पिटलच्या रेकॉर्ड विभागातला माणूस एकच नाव घेतात, पण यादी वेगळी वापरतात.

आपला संबंध येतो तो मेडिक्लेमच्या फॉर्ममध्ये. फॉर्मचा "भाग ब" हॉस्पिटल भरतं. त्यात मुख्य निदान, इतर निदान आणि सोबतचे आजार यांसाठी आयसीडी-१० ची जागा असते. आयुष्मान भारत किंवा महात्मा फुले जन आरोग्य योजनेत पैसे मुख्यतः ठरलेल्या पॅकेजवर मिळतात, म्हणून तिथे पॅकेजचा कोड महत्त्वाचा ठरतो.

आयसीडी-११ आल्यावर काय बदलणार?

अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली, पण प्रत्येक देश आपापल्या गतीने तिच्याकडे वळतोय. तिची कल्पना वेगळी आहे. प्रत्येक हाड, प्रत्येक बाजू यांचे तयार कोड करून यादी फुगवायची नाही. मूळ आजाराचा एक कोड घ्यायचा आणि त्याला हवे ते तुकडे जोडायचे. बाजूसाठी वेगळा तुकडा: उजवीकडे असेल तर एक्सके९के, डावीकडे असेल तर एक्सके८जी. लेगोचे ठोकळे जोडावेत तसं. शिवाय इंग्रजी "आय" आणि "ओ" ही अक्षरं कोडमध्ये वापरतच नाहीत, कारण ती १ आणि ० सारखी दिसतात.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

दोन्ही दंडांत झीज असेल तर?
एम८९.७२ मध्ये "दोन्ही बाजू" असा कोड नाही. मग डावा आणि उजवा, दोन्ही कोड द्यायचे.

"९" टाकून सुटका होत नाही का?
एम८९.७२९ हा कोड आहे, पण तो खरोखर माहिती नसेल तेव्हासाठी. हाड दोनच दंडांपैकी एकात असतं आणि एक्स-रे काढताना बाजू कळलेलीच असते. त्यामुळे असा कोड बघून विमा कंपनी कागदपत्रं मागू शकते.

यादी विकत घ्यावी लागते का?
नाही. अमेरिकन निदान कोडच्या फाइल सरकारी साइटवर मोफत मिळतात, आयसीडी-११ ही मोफत बघता येते. प्रक्रियांचे सीपीटी कोड मात्र अमेरिकन मेडिकल असोसिएशनच्या मालकीचे आहेत, त्यांना परवाना लागतो.

कोडर व्हायला डॉक्टर असावं लागतं का?
नाही. शरीररचना आणि वैद्यकीय शब्द मात्र पक्के हवेत. सीपीसीसारख्या परीक्षा देऊन अनेक जण या क्षेत्रात येतात.

तुम्ही स्वतः काय करू शकता?

कोड पाठ करायची गरज नाही. घरातल्या कुणाचं हाडाचं दुखणं असेल, तर डिस्चार्ज कार्ड हातात आल्यावर चार गोष्टी तिथल्या तिथे बघा. कोणतं हाड, हे लिहिलंय का? डावं की उजवं? झीज कशामुळे, याचं कारण आहे का? आणि पूर्वी हाड मोडलेलं असेल किंवा कृत्रिम सांधा बसवलेला असेल, तर त्याची नोंद आहे का? यातलं काही नसेल तर डॉक्टरांना तेव्हाच लिहून मागा. कोडर कितीही हुशार असला, तरी कागदावर नसलेली गोष्ट तो कोडमध्ये आणू शकत नाही.